फिलूचं नाव लिहू नको

कल्याणहून वसईला जाणाऱ्या एस.टी.त मी खिडकीची जागा हट्टानं पकडली. शेजारच्या बाई म्हणाल्या, "बघायला काय आहे हो या रस्त्याला? नुसती धूळ." त्यांचं काही चुकत नव्हतं. भिवंडी सुटल्यापासून कामणपर्यंत गोदामं, गोदामांपुढे ट्रक आणि ट्रकांपुढे चहाच्या टपऱ्या, याखेरीज काही दिसलं नाही. पण वयाच्या आठव्या वर्षी सोडलेलं गाव मी एकसष्टाव्या वर्षी बघायला चालले होते. धूळ तर धूळ, ती माझ्या डोळ्यांनी बघायची होती.

अप्पा तेव्हा प्राथमिक शाळेत मास्तर होते. निर्मळच्या पुढे एका गावात त्यांची बदली झाली आणि आम्ही सहा वर्षं फिलूमावशींच्या घरातल्या दोन खोल्यांत भाड्यानं राहिलो. फिलूमावशी म्हणजे फिलोमिना, केळीच्या वाडीची मालकीण, रविवारची मिस्सा (चर्चमधली उपासना) कधी न चुकवणारी. त्यांचा मुलगा बस्त्याव, म्हणजे सेबॅस्टियन, माझ्या बरोबरीचा. त्याची बायको लुसी हिनं कुठून कुठून माझा नंबर मिळवून गेल्या महिन्यात फोन केला. "ताई, आईंचं जेवण कमी झालंय. सारखी तुमची आठवण काढतात. दोन नोव्हेंबरला आमच्यात मृतांचा दिवस असतो, त्याला तरी या."

अप्पा आता सत्त्याऐंशी वर्षांचे आहेत, सांगलीत माझ्याजवळ असतात. "जा की. माझं काय अडतंय," असं म्हणाले आणि मग निघेपर्यंत तीनदा विचारलं, की त्यांच्या गोळ्यांची डबी कुठे आहे.

वसईच्या स्टँडवरून निर्मळपर्यंत रिक्षा मिळाली. देवळाजवळ जत्रेचे पाळणे उभे करायचं काम चाललं होतं. तिथून पुढे मी चालायचं ठरवलं, कारण रस्ता मला पाठ होता: तिसऱ्या क्रुसापाशी डावीकडे. या भागात वळणावळणाला चुन्यानं रंगवलेले क्रूस आहेत आणि पत्ते त्यांच्यावरून सांगतात. मी तिसऱ्या क्रुसापाशी डावीकडे वळले आणि सरळ एका अनोळखी घराच्या पडवीत जाऊन "फिलूमावशी!" अशी हाक मारली. आतून पिठाच्या हातांनी एक बाई बाहेर आल्या.

"फिलूबाय होय? त्यांचा क्रूस चौथा. हा मधला आमचा, नंतर बांधलेला. सासऱ्यांचं ऑपरेशन बरं झालं म्हणून."

मी ओशाळले. त्यांनी मात्र मला चहा घेतल्याशिवाय सोडलं नाही. आत परातीत तांदळाच्या पिठाचा गोळा होता आणि त्यावर बोटानं काढलेली क्रुसाची खूण होती. का काढता, असं विचारलं तर त्यांना नवल वाटलं. "का म्हणजे? आई काढायची. न काढता भाकरी थापली तर हातालाच बरं वाटत नाही." माझी आई तांदूळ धुताना का पुटपुटायची, हे मीही तिला कधी विचारलं नव्हतं.

चौथ्या क्रुसापाशी बस्त्याव उभाच होता. डोक्यावर केस नाहीत, पोट सुटलेलं, पण हसणं तेच. "काय गं नलू, वाट चुकलीस ना? मला ठाऊक होतं." त्रेपन्न वर्षांनी भेटलेल्या माणसाचं हे पहिलं वाक्य. घर ओळखू येईना, वर स्लॅब आला होता. पण मागची विहीर होती, वाडी होती आणि ओल्या केळीच्या पानांचा वास होता. तो वास आला आणि मी उगाचच पिशवीत रुमाल शोधत बसले.

फिलूमावशी आतल्या खोलीत पलंगावर होत्या. अंगानं एवढ्याशा झालेल्या, पण आवाज खणखणीत. कानांनी मात्र दगा दिला होता, त्यामुळे सगळा मामला ओरडूनच.

"नलूबाय! आईवर गेलीस गो. तुजी आई गेली त्याला किती वर्षं झाली?"

"नऊ झाली, मावशी."

"नि मास्तर?"

"आहेत. चिडचिड करतात, म्हणजे ठणठणीत आहेत."

त्या हसल्या नाहीत. माझा हात धरून बराच वेळ बघत राहिल्या. मग लुसीला म्हणाल्या, "हिला सुकेळी दे." सुकेळी म्हणजे इथली वाळवलेली केळी, मधासारखी चिकट. मी पाच खाल्ली. लहानपणी याच घरात आईला चोरून मी बोंबीलही खायचे, तेव्हा पाच सुकेळ्यांचं मनावर घेण्याचं कारण नव्हतं.

दुपारी माझा चष्मा हरवला. मी उशा उलट्या करून शोधत होते तर लुसी भांडी घासता घासता म्हणाली, "ताई, बसा. संत अंतोनीला सांगितलंय." हरवलेल्या वस्तूंचं खातं त्याच्याकडे असतं. मी मनात म्हटलं, आता हा संत माझा चष्मा शोधणार! दहा मिनिटांनी तो सुकेळ्यांच्या डब्याखाली सापडला. लुसीला ना आश्चर्य ना आनंद, वर बघून नुसतं "थँक्यू हां," म्हणाली, शेजारणीनं वाटीभर साखर दिल्यावर म्हणावं तसं. दारामागे ईस्टरआधीच्या झावळ्यांच्या रविवारी चर्चमधून आणलेला, झावळीचा वाळका क्रूस खोचलेला होता. खूप विजा चमकल्या की त्यातला तुकडा जाळायचा. बाटलीत आशीर्वादित पाणी होतं. बस्त्याव स्कूटरला किक मारण्याआधी कपाळाला, छातीला, खांद्यांना हात लावायचा आणि मग गल्लीतून भलत्याच वेगानं जायचा. यांच्या घरात देवाशी बोलायला वेगळा आवाज काढत नाहीत, हे लहानपणी मला फार आवडायचं. आमच्याकडे देवासमोर अप्पांचाही आवाज बदलायचा.

सात वाजता चर्चची घंटा झाली. टीव्ही बंद झाला. आठाला रोझरी, म्हणजे मण्यांची माळ हातात घेऊन सगळ्यांनी मिळून करायची प्रार्थना. लुसी गुडघे टेकून, बस्त्याव गुडघेदुखीमुळे खुर्चीत, फिलूमावशी आतल्या पलंगावर, पण सगळ्यांत मोठा आवाज त्यांचाच. शेवटी संतांची नावं येतात आणि प्रत्येक नावामागून सगळे म्हणतात, "आमच्यासाठी विनंती कर." म्हणजे देवापाशी तुझा शब्द चालतो, तर आमचं तेवढं सांग. नावं संपली असं वाटलं, तेवढ्यात आतून मावशींचा आवाज आला.

"फिलू बाळा!"

"आमच्यासाठी विनंती कर," सगळे म्हणाले. मीही म्हणाले. जुनी चाल जिभेवर आली.

"संत फिलोमिना," लुसी माझ्या कानाशी म्हणाली. "आईंच्या नावाची संत. रोज शेवटी तिलाच हाक." संताला कोणी 'बाळा' म्हणतं का, असं क्षणभर वाटून गेलं. पण ज्या घरात संताला थँक्यू म्हणतात तिथे बाळाही म्हणत असतील.

दुसऱ्या दिवशी सकाळी लुसी कागद-पेन घेऊन पलंगाशी बसली. नोव्हेंबरभर चर्चमध्ये मृतांसाठी मिस्सा होते, तिथे प्रत्येक घराची नावांची यादी द्यायची असते. मेल्यावर बहुतेक आत्मे शुद्धिस्थानात (स्वर्गाच्या अलीकडे, जिथे आत्मा निर्मळ होईपर्यंत थांबतो) असतात आणि मागे राहिलेल्यांनी त्यांच्यासाठी मागितलं की त्यांची सुटका लवकर होते. ज्यांच्यासाठी कोणीच मागत नाही त्यांची फिलूमावशींना फार काळजी. "ताईंचं अक्षर चांगलं," म्हणून लुसीनं पेन माझ्या हातात दिलं.

मावशींना लिहिता-वाचता येत नाही. नावं त्यांना घरांच्या ओळीनं पाठ होती. नवरा, दीर, दोन जावा, विहीर खणणारा, वाडीतला ताडी काढणारा. मग म्हणाल्या, "सुमनबाई." माझी आई! मी लिहिलं. आमच्या पत्रिका पाहून लग्नं करणाऱ्या घरातली माझी आई, हिच्यासाठी वसईच्या चर्चमध्ये कोणीतरी मागणार होतं. मला बरं वाटलं. त्या बरं वाटण्याच्या भरातच मी विचारलं,

"मावशी, आमचं एक गेलं होतं ना इथं? ते पण लिहू का? पण त्याला नाव नव्हतं."

आमच्या घरी त्याबद्दल एवढंच बोललं जायचं, "वसईत एक गेलं." मी पाच वर्षांची असताना आईला दिवस भरायच्या आधी मूल झालं आणि नवव्या दिवशी गेलं. बारसं झालं नव्हतं. नंतर अप्पा-आई दोघांनी तो विषय असा बंद केला की ते मुलगा होतं का मुलगी, हेसुद्धा मला माहीत नव्हतं.

मावशींनी लुसीला चहा करायला पाठवलं. मग माझं मनगट धरलं.

"फिलूचं नाव लिहू नको."

"कोण फिलू?"

"तुजी भैन. तिच्यासाठी मागायचं नसतं. तिच्याकडे मागायचं. ती सरळ वर गेली."

मला काही कळेना. त्यांनी मोठ्या आवाजात, थांबत थांबत सांगितलं. भर दुपार होती. आई तापानं गुंगीत होती. अप्पा सायकलनं वसईला डॉक्टर आणायला गेले होते. बाळ मावशींच्या मांडीवर होतं आणि त्याचा श्वास तुटत चालला होता. त्यांच्या धर्मात जीव जात असेल तर फादरची वाट बघायची नसते, कोणीही पाणी घालून बाप्तिस्मा देऊ शकतं. लहानपणापासून त्यांना तेच शिकवलेलं. पाण्याविना गेलेल्या बाळाला स्वर्गाच्या दाराबाहेर राहावं लागतं, असं तेव्हा म्हाताऱ्या बायका सांगायच्या.

"मटक्यातलं पानी घेतलं. डोक्यावर तीनदा सोडलं, बापाच्या, पुत्राच्या नि पवित्र आत्म्याच्या नावानं. नाव काय द्यायचं ते घाईत सुचेना. माजंच दिलं. नलूची भैन फिलू. कानाला बरं लागलं. मग गेली. मास्तर आले तवा गेलेली."

"आईला विचारलं नाहीत?"

"ती शुद्धीत नव्हती, बाय."

"नंतर? नंतर सांगितलं नाहीत?"

त्यांनी मान हलवली. तीनदा सांगायला गेल्या होत्या आणि तीनदा केळी देऊन परत आल्या. मग आमची बदली झाली. कन्फेशनला (फादरपुढे पापांची कबुली) त्यांनी हे सांगितलं होतं. त्या वेळचे फादर म्हणाले, तू मायेनं केलंस, पण पोरगी दुसऱ्याची होती, तिच्या आईबापांना सांग. तेच तुझं प्रायश्चित्त.

"ते प्रायश्चित्त ऱ्हायलंय. छप्पन्न वर्षं झाली. सुमनबाई गेली. आता मास्तर तेवढा हाय. त्याला सांगितल्याशिवाय मी कुठल्या तोंडानं जाऊ?"

मला राग आला. खरंच सांगते, दया नाही आली, माया नाही आली, आधी राग आला. आमच्या मुलीबद्दल हे कोणी ठरवायचं? माझ्या आईला मरेपर्यंत जे कळलं नाही ते मला आता, यादी लिहिताना, असं कळावं? "कोणी सांगितलं होतं तुम्हाला?" असं मी बोलून गेले. त्यांना ते ऐकू आलं की नाही, कोण जाणे. मी पेन ठेवलं आणि वाडीत निघून गेले.

बस्त्याव झेंडूची फुलं तोडत होता. मी त्याला सगळं सांगितलं. तो टोपली खाली ठेवून मटकन बांधावर बसला.

"म्हणजे ती संत फिलोमिना नाही?"

"नाही."

"अगं, आम्ही घरातली सगळी माणसं छप्पन्न वर्षं रोज तिच्याकडे मागतोय! माझी दहावी, पोरीचा व्हिसा, बाबांचं दुखणं..." तो माझ्याकडे बघत राहिला. "तुझ्या बहिणीला आम्ही एक दिवस सुट्टी दिली नाही गं."

मला हसू फुटलं. हसता हसता रडू आलं आणि ते थांबेना. माझी एक बहीण आहे आणि या घरात तिला रोज आठ वाजता हाक मारतात, काल मीसुद्धा मारली होती. एकुलती एक म्हणून वाढले मी. आजारी आईचं सगळं एकटीनं केलं. किती वेळा वाटलं होतं, कोणीतरी हवं होतं. बस्त्यावनं खांद्यावरचा टॉवेल दिला. त्याला केळीच्या चिकाचे डाग होते, तरी मी त्यानंच तोंड पुसलं.

संध्याकाळी दफनभूमीत गेलो. सगळं गाव तिथे होतं. मातीच्या कबरी नीट लिंपलेल्या, त्यांवर झेंडू, अबोली, शेवंती, प्रत्येकीवर मेणबत्त्या. लोक रडत नव्हते. कबरीशी बसून गप्पा मारत होते, कोणाच्या सुनेला काय झालं ते सांगत होते. फादर पाणी शिंपडत ओळीनं गेले. ज्यांची माणसं दुसरीकडे पुरलेली आहेत ते मधल्या मोठ्या क्रुसापाशी मेणबत्ती लावतात. मी तिथे आईसाठी लावली. लुसीनं एक जास्तीची पुढे केली. मी म्हटलं, "नको. तिला लागत नाही म्हणे." लुसीला तोवर सगळं कळलं होतं. तिनं मेणबत्ती परत पिशवीत ठेवली आणि क्रुसाच्या पायाशी नुसती ओंजळभर फुलं वाहिली.

निघायच्या दिवशी मी फिलूमावशींजवळ बसले. राग बराच उतरला होता, सगळा नाही. मी त्यांना म्हटलं, की चूक की बरोबर हे मला सांगता येणार नाही, पण माझ्या बहिणीचा शेवटचा श्वास तुमच्या मांडीवर गेला, याचं मला बरं वाटतं. त्यांनी ते मला तीनदा ओरडून सांगायला लावलं. मग म्हणाल्या, "मास्तरला तू सांग. फोनवर नको, समोर बसून. काय म्हणेल ते मला कळव. वाईट म्हणाला तरी कळव. तवर मी थांबते." जणू थांबणं त्यांच्याच हातात होतं.

परतीच्या एस.टी.त मला कामण दिसलं नाही. अप्पांना कसं सांगायचं, याचीच जुळवाजुळव चालली होती. अप्पा देव मानतात, पण आपल्या घरात दुसऱ्यानं नाक खुपसलेलं त्यांना कधी चाललं नाही. शेजाऱ्यांनी परस्पर आमची तुळस छाटली म्हणून वर्षभर अबोला धरणारा माणूस! दोन वेळा ठरवलं, सांगायचंच नाही. फिलूमावशींना काहीतरी गोड खोटं कळवू. पण खोट्या निरोपानं त्यांचं प्रायश्चित्त कसं पुरं होणार?

सांगलीला पोचल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळच्या चहानंतर अप्पांच्या समोर स्टूल ओढून बसले आणि सांगितलं. सगळं, मटक्यासकट. अप्पा खिडकीबाहेर बघत होते. ऐकू आलं का, अशी मला शंका आली, कारण हल्ली त्यांनाही कमी ऐकू येतं.

मग त्यांनी विचारलं, "नाव काय ठेवलं म्हणालीस?"

"फिलू."

"स्वतःचं?"

"हो. घाईत सुचेना म्हणून."

"फिलू," अप्पा म्हणाले. मग पुन्हा एकदा, हळू. "मी तिला समुद्राकाठच्या रेतीत ठेवली तेव्हा काहीतरी म्हणावंसं वाटत होतं. काय हाक मारू? नुसतं 'बाळ' म्हणालो. ते मला अजून बोचतं."

आमच्या घरात आजवर नुसतं 'एक गेलं' होतं. अप्पांच्या तोंडून 'तिला' मी पहिल्यांदा ऐकलं.

"फोन लाव," ते म्हणाले.

दोन्हीकडे बहिरी माणसं. इकडे मी, तिकडे लुसी, मध्ये नुसता आरडाओरडा. शेवटी अप्पांनी फोन तोंडाशी धरला आणि वर्गाच्या मागच्या बाकाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले, "फिलूबाई! नाव चांगलं ठेवलंत! ऐकू येतंय का? पोरीचं नाव चांगलं ठेवलंत!"

तिकडून नुसता एक लांब श्वास आणि मग लुसीचा रडका आवाज, "ऐकलं, ऐकलं त्यांनी."

अप्पांनी फोन माझ्या हातात दिला आणि चष्मा पुसत बसले. मी कप उचलून आत निघाले तर त्यांनी हाक मारली.

"नलू, त्या लोकांत तिच्याकडे मागतात म्हणालीस ना रोज? मग लुसीला सांग, आज मागताना आमचंही एक सांगा म्हणावं. तिला म्हणावं, आईकडे बघ."